ऐंशी शब्दांच्या खालची बातमी

संघमित्रा नेमकं काय काम करते, हे बालाघाटच्या त्यांच्या वॉर्डात कोणालाच धड ठाऊक नव्हतं. बाप पुनाराम रेल्वेतून रिटायर झालेला. त्याच्या लेखी नोकरी म्हणजे डबा घेऊन घराबाहेर पडणं. पोरगी आतल्या खोलीत कॉम्प्युटरसमोर बसून हिंदीत बोलते आणि त्याला नोकरी म्हणतात, हे त्याला अजूनही जरा संशयाचंच वाटायचं. शेजारणी म्हणायच्या, ती बातम्या छापते. आई जिजाबाईही तेच सांगत फिरायची, कारण ते सांगायला सोपं होतं.

"आई, मी छापत नाही," संघमित्राने एकदा समजावलं होतं. "आमच्या वेबसाइटवर लोकायले बातमी सापडत नसली, तं काहून सापडत नाही, ते मी पाहते."

"म्हणजे हरवलेल्या बातम्या धुंडते," आई म्हणाली. खरं सांगायचं तर ऑफिसातल्या कोणी याहून नेमकं कधी सांगितलं नव्हतं.

वेबसाइट साधीसुधी नव्हती. देशभर चालणारी, पाच भाषांतली, साठ-सत्तर लाख बातम्यांची. ऑफिस दिल्लीकडे. करोनात संघमित्रा घरी आली ती इथेच राहिली. तिथले लोक विचारायचे, बालाघाट कुठे आलं? ती म्हणायची, गोंदियाच्या वर. त्यांना गोंदियाही ठाऊक नसायचं, मग ती नागपूर सांगायची आणि विषय संपायचा.

एका गुरुवारी दुपारी रुख्माबाई आली. जिजाबाईची ही मावसबहीण, लालबर्र्याची. बस स्टँडवरून चालत आली होती आणि दारात उभी राहून आधी पाच मिनिटं खोकली. दोन वर्षांपासून राईस मिलमध्ये कोंडा झाडायचं काम करत होती, त्याची धूळ छातीत बसली होती. पाणी पिऊन झाल्यावर ती सरळ आतल्या खोलीत आली.

"मित्रा, तू त्याच मोबाईलच्या बातमीत हायेस ना?"

"हौ मावशी. काहून?"

"मंग माही एक बातमी काढून दे बाई. सापडूनच नाही राह्यली."

आता ही बातमी कोणती, ते सांगायला हवं. रुख्माबाई आधी लालबर्र्याजवळच्या एका गावच्या शाळेत दुपारचं जेवण रांधायची. बारा वर्षं रांधलं. तिच्या हातचं आपल्या पोरांनी खावं, हे गावातल्या काही घरांना पहिल्या दिवसापासून रुचलं नव्हतं. बोलत कोणी नव्हतं एवढंच. मग एका सप्टेंबरात चौतीस मुलांना उलट्या झाल्या. मुलं दुसऱ्या दिवशी ठणठणीत होऊन घरी आली, पण तोवर बातमी लागून गेली होती. मोठी, ठळक, रुख्माबाईच्या नावासकट आणि चुलीपाशी हातात पळी घेतलेल्या फोटोसकट. तिला त्याच आठवड्यात काढून टाकलं. जानेवारीत तपासणीचा अहवाल आला. अन्न स्वच्छ होतं, खराबी हातपंपाच्या पाण्यात होती. हिरालाल नावाच्या स्थानिक पत्रकाराने तीही बातमी पाठवली आणि लागल्यावर स्वतःच्या फोनवर तिला दाखवली. आता हिरालाल ते काम सोडून छत्तीसगडात कुठेसा गेला होता आणि त्याचा नंबर लागत नव्हता.

"मी पाह्यली ना ते डोळ्यानं," रुख्माबाई म्हणाली. "माह्यं नाव होतं, निर्दोष असं लिहून होतं. मंजूनंही पाह्यली." मंजू तिची मुलगी.

"अन् अहवालाचा कागद?"

"कागद हाये ना. पण कागद कोण पाह्यते? आता तिकडे पोरीयच्या होस्टेलात रसोईवाली पाह्यजे. शीला मॅडम हाये तिथं, चांगली बाई हाये. म्हणे, मी तुमचा कागद मानते, पण पोरीयचे मायबाप मोबाईल पाह्यतेत. नाव टाकलं का तो पळीवाला फोटो येते. म्हणे शनिवारी समिती बसून राह्यली, तोपर्यंत ते दुसरी बातमी दाखवा, मंग कोणी काही म्हणणार नाही. मागल्या साली आश्रमशाळेतही असंच झालं, तिथं तं आतच नाही घेतलं मले."

संघमित्राने तिच्यासमोरच नाव आणि गाव टाकून शोधलं. एकच बातमी आली. पळी, चूल आणि अंगाने भरलेली रुख्माबाई. समोर बसलेली बाई त्या फोटोतल्या बाईच्या अर्धी राहिली होती.

"शनिवारच्या आत काढून देते मावशी," संघमित्रा म्हणाली. तिला त्यात काही अवघड वाटलं नाही. हे तर रोजचंच काम, उलट आज पहिल्यांदा घरच्या माणसाच्या कामी येणार होतं. संघमित्रा मनातून खूशच झाली म्हणा ना.

रुख्माबाई बाहेर जिजाबाईशी बोलत बसली आणि संघमित्रा कामाला लागली. असल्या तक्रारीत पहिला प्रश्न एकच असतो: बातमी मुळात आहे की नाही? तिने कोठारात हात घातला. कोठार म्हणजे जिथे सगळ्या बातम्या ठेवलेल्या असतात ती जागा. तारीख जानेवारीची, जिल्हा बालाघाट. दोन मिनिटांत बातमी मिळाली. होती, जशीच्या तशी. एकसष्ट शब्दांची.

म्हणजे बातमी होती, पण यादीत नव्हती. शोधायच्या चौकटीत आपण नाव टाकतो तेव्हा यंत्र काही सत्तर लाख बातम्या वाचत बसत नाही. जाड्या पुस्तकाच्या शेवटी शब्दांची सूची असते ना, तशी एक यादी आधीच तयार असते, तीच ते पाहतं. यादीत नसलेली बातमी असून नसल्यासारखी. बाहेरची सर्च इंजिनंही या साइटची याच यादीवरून बनलेली पानं उचलायची, म्हणून तिकडेही ती नव्हती.

संघमित्राने ती बातमी हाताने यादीत ढकलली. यंत्राने घेतली असं दाखवलं आणि बातमी पुन्हा गायब. ना चूक, ना लाल अक्षर. दुसऱ्यांदा ढकलली, तेच. तेव्हा तिने नोंदी उघडल्या, यंत्र गुपचूप काय करतं ते त्यात लिहिलेलं असतं. एक ओळ दिसली: शब्द ऐंशीहून कमी, वगळली.

असा नियम कोणत्या शहाण्याने टाकला, म्हणून तिने बदलांची वही उघडली. कोणी कोणती ओळ कधी लिहिली, ते त्या वहीत नावानिशी असतं. नाव तिचं होतं. तारीख त्या जानेवारीच्या आधी झालेल्या विधानसभेच्या मतमोजणीची, सकाळी नऊ वाजून चाळीस मिनिटं.

तिने ते नाव आणि तारीख पुन्हा एकदा वाचली. आणि मग आठवायला वेळ लागला नाही, कारण पुरतं असं ती विसरलीच नव्हती.

त्या दिवशी देशभरचे वार्ताहर दर पाच मिनिटांनी दोन ओळी टाकत होते. पाचवी फेरी, अमुक आघाडीवर. सहावी फेरी, तमुक आघाडीवर. यादी त्या चिल्लर ओळींनी तुंबली, साइटवर काही शोधलं की चाक फिरत राहायचं, आणि संघमित्राचा वरिष्ठ रजत फोनवर नुसता ओरडत होता. तिने एक ओळ लिहिली: ऐंशी शब्दांखालचं काही यादीत घेऊ नका. सगळं लोण्यासारखं चालायला लागलं. संध्याकाळी ती ओळ काढायची होती. संध्याकाळी ऑफिसने सगळ्यांसमोर तिचं कौतुक केलं. आठवडाभराने तिला ती ओळ आठवली, तिने आलेख पाहिला, शोध आधीच्या निम्म्या वेळात होत होता. ती स्वतःशी म्हणाली, राहू दे, दोन ओळींच्या बातम्या कोण शोधतं?

हे तिने म्हटलं. दिल्लीच्या कोणी म्हटलं असतं तर एक वेळ सोडून देता आलं असतं. पण ही बालाघाटची पोर. इथली बातमी कधी दोन ओळींहून मोठी झाली, ते हिला ठाऊक नव्हतं? इथे रस्ता झाला, दोन ओळी. पोरगी राज्यात पहिली आली, तीन ओळी. बालाघाटची बातमी मोठी व्हायची तर काहीतरी वाईटच व्हावं लागतं, आणि वाईट निस्तरलं की पुन्हा दोन ओळी. हे सगळं तिला कळत होतं. तरी ती म्हणाली, राहू दे.

बाहेरून रुख्माबाईचा खोकला आला. संघमित्राला उठून बाहेर जावंसं वाटेना.

एवढ्यावर भागलं असतं तरी पुरे होतं. पण अशा वेळी माणूस खपली काढतोच. दोन वर्षांत कोणी तक्रार कशी केली नाही, म्हणून तिने तक्रारींची पेटी उघडली आणि लालबर्रा टाकून पाहिलं. अकरा तक्रारी आल्या. अकराही मंजूच्या. पहिली फेब्रुवारीतली, शेवटची गेल्या महिन्यातली. प्रत्येकीखाली एकच उत्तर होतं: "आम्ही आपली तक्रार काळजीपूर्वक वाचली आहे. आपल्याला हवी असलेली बातमी उपलब्ध नसावी. आपल्या सहकार्याबद्दल आभार." आणि त्याखाली, तक्रार बंद करणाऱ्याचं नाव: संघमित्रा.

तिने एकही वाचली नव्हती. 'बातमी सापडत नाही' या प्रकारच्या तक्रारी ती शुक्रवारी दुपारी एकगठ्ठा बंद करायची. दोनशे निवडायच्या, तयार उत्तर टाकायचं, एक कळ दाबायची. ते तयार उत्तरही तिनेच लिहिलेलं होतं. काळजीपूर्वक हा शब्द तिला तेव्हा फार सभ्य वाटला होता.

तिने रजतला फोन लावला आणि नियम काढायची परवानगी मागितली. वेग थोडा कमी होईल, असंही सांगितलं. रजत म्हणाला, "काढ, पण उद्या सकाळपर्यंत थांब, मी बघतो." शुक्रवारी सकाळी नियम निघाला. यंत्र दिवसभर मागच्या बातम्या यादीत घेत राहिलं. चार लाख अठरा हजार. संघमित्रा त्यातल्या वाचत बसली, थांबवेना तिला. हरवलेला मुलगा इटारसीला सापडला. निकालात नापास दाखवलेली विद्यार्थिनी उत्तीर्ण. मृत घोषित केलेला इसम जिवंत, पेन्शन सुरू होणार. चोरीच्या गुन्ह्यातून तिघांची सुटका. सगळ्या दोन ओळींच्या. प्रत्येकीची मोठी, वाईट बहीण दोन वर्षं साइटवर ऐटीत मिरवत होती, आणि ह्यांना हिने कोंडून ठेवलं होतं.

संध्याकाळी रुख्माबाईचं नाव टाकलं तर दोन बातम्या आल्या. संघमित्राने चांगली वर आणली, जुनीच्या खाली तिची जोड दिली आणि मंजूला लिंक पाठवली.

"कारण काय लिहू?" तिने रजतला विचारलं. अशा दुरुस्तीनंतर अहवाल लिहायचा असतो.

"जुनी सेटिंग राहून गेली होती, एवढं लिही," रजत म्हणाला. "नाव-गाव कशाला? कोण वाचतं ते."

तिने तसंच लिहिलं. 

शनिवारी दुपारी जिजाबाईच्या फोनवर रुख्माबाईचा फोन आला. समितीने मान्यता दिली. शीला मॅडमने स्वतःच्या मोबाईलवर बातमी सगळ्यांना वाचून दाखवली होती. सोमवारपासून कामावर. जिजाबाईने फोन ठेवला आणि घरात, ओट्यावर, शेजारी, जिथे तोंड दिसेल तिथे सांगत सुटली. पुनारामसुद्धा आतल्या खोलीत येऊन उभा राहिला. रिटायर झाल्यापासून तो तिथे क्वचितच आला असेल.

"तुह्यं काम मले आज समजलं," तो म्हणाला.

संघमित्राने मान खाली घातली. बापाला वाटलं, पोरगी लाजली.

रविवारी सकाळी विहारात जायच्या आधी तिने एक काम उरकलं. अहवाल उघडून 'जुनी सेटिंग' पुसलं आणि लिहिलं: हा नियम मी टाकला, काढायचं ठाऊक असून काढला नाही, आणि याबद्दलच्या तक्रारी न वाचता बंद केल्या. वाटलं होतं, आता ऑफिसात गहजब होईल, निदान कोणी दोन शब्द बोलेल. रजतने अंगठा वर केलेलं चित्र पाठवलं. संपलं. जिथे काही बिघडणारच नव्हतं तिथे खरं बोलून ती मोकळी झाली होती, आणि हलकं तर मुळीच वाटत नव्हतं.

विहार भरला होता. रुख्माबाई आणि मंजू पहिल्या बसने आल्या होत्या. वंदना झाली, मग सगळ्यांनी मिळून पंचशील म्हटलं. चौथं शील खोटं न बोलण्याचं. संघमित्रा पाच वर्षांची असल्यापासून दर रविवारी ते म्हणत आली होती. आज ओठ हलले, आवाज निघाला नाही. कोणाच्या लक्षात आलं नाही. चाळीस माणसांत एक आवाज कमी झाला तर कोणाला कळतं?

मग महिला मंडळाने तिला पुढे बोलावलं. रुख्माबाईने स्वतः तिच्या खांद्यावर पांढरी शाल घातली. "हे माही पोरगी," ती सगळ्यांकडे वळून म्हणाली, "हिनं माह्यं नाव धुवून देलं." बायकांनी टाळ्या वाजवल्या. जिजाबाईने पदर डोळ्यांना लावला. संघमित्राला वाटलं, जमीन दुभंगून पोटात घेईल तर बरं. शाल खांद्यावर टिकेना, तिने ती दोन्ही हातांनी धरून ठेवली.

जेवणाची पंगत बसायला वेळ होता. तिने रुख्माबाईला बाहेर पायऱ्यांवर बोलावलं. मंजू आत वाढायला मदत करत होती.

"मावशी, एक सांगायचं हाये."

"सांग ना."

तिने सांगितलं. मतमोजणी, ऐंशी शब्द, आठवडाभराने आठवलेलं आणि तसंच राहू दिलेलं. एका दमात सांगितलं, मध्ये थांबली असती तर पुन्हा बोलता आलं नसतं. रुख्माबाई ऐकत होती. मध्येच खोकली.

"म्हणजे ते बातमी तुनंच दाबून ठेवलती?"

"हौ."

"माही म्हणून?"

"नाही मावशी. कोणाची हाये ते पाह्यलंच नव्हतं."

रुख्माबाईने जरा विचार केला. "मंग ठीक हाये," ती म्हणाली. "काम करता करता चूक होते माणसाच्यानं. माह्या हातानंही कितीक डाव भाजीत मीठ जास्त पडलं. तू आता काढून देली ना? झालं मंग."

इथे थांबता आलं असतं. माफी मिळाली होती, शालही अंगावर होती, आत वरणाला फोडणी बसत होती. कोणीही शहाणी बाई इथेच उठली असती.

"अजून हाये," संघमित्रा म्हणाली. "मंजूनं तक्रारी लिहिल्या होत्या ना, अकरा?"

"हौ. अन् दर डावी जवाब आला," रुख्माबाई एकदम खुलून म्हणाली. "मंजू मले वाचून दाखवे. आम्ही तुमची तक्रार ध्यानानं वाचली, असं लिहून राहे त्यात. बातमी नाही देली त्यायनं, पण वाचलं तं खरं. इथं कोणी ऐकून घेतलं का माह्यं? सरपंचानं नाही, मास्तरनं नाही. मी मंजूले म्हणो, पाह्य, तिकडे दिल्लीले बसून कोणीतरी माह्यं पुरं वाचून राह्यलं. तेवढ्यावर हिंमत धरली मी. त्या आश्रमशाळेवाल्यायनं हाकलून देलं त्या दिवशी तं मी वैनगंगेच्या पुलावर बसून होती दोन घंटे. मंजूनं तिथंच लिहून टाकली एक. जवाब आला, मंग घरी गेलो."

 संघमित्रा कसंबसं म्हणाली, "ते जवाब माह्ये होते, मावशी."

"तुह्ये?"

"हौ."

रुख्माबाई तिच्याकडे पाहत राहिली. चेहरा आधी उजळला, घरचंच माणूस निघालं म्हणून. मग हळूहळू काहीतरी जुळत गेलं असावं.

"मंग तुनं वाचलं होतं ना सारं? तं मंग तुले ठाऊकच असन. मंग तवाच काहून नाही..."

"मी वाचलं नव्हतं. एकही नाही. तो जवाब सगळ्यायले सारखाच जाते. एक बटन हाये त्याचं."

 आतून जिजाबाईने हाक मारली, पानं वाढली आहेत म्हणून. रुख्माबाई उठली नाही. रडली नाही, रागावलीही नाही. तिने नुसता पदर नीट केला, आणि तो नीट करायला तिला फार वेळ लागला.

"हायेत का ते अजून, मंजूनं लिहिलेल्या?" तिने विचारलं.

"हायेत."

"इथं, मोबाईलात?"

"हौ."

"काढ. अन् वाच."

"मावशी..."

"मोठ्यानं वाच. मले आयकू येईन असं."

संघमित्राने फोन काढला. पहिली उघडली. मंजूने हिंदीत लिहिली होती, शाळेतल्या अर्जासारखी: "माननीय महोदय, माझ्या आईचं नाव रुख्माबाई आहे. तिने बारा वर्षं मुलांना जेवू घातलं. आधी ती जेवून पाहायची, मग मुलांना वाढायची. त्या दिवशीही ती जेवली होती. हे कोणी लिहिलं नाही." दुसरीत हातपंपाचं होतं. तिसरीत मंजूचं कॉलेज सुटल्याचं. आत पंगत बसली, भांड्यांचा आवाज सुरू झाला. मंजू दारापर्यंत आली, आपलेच शब्द कानावर पडले तशी चौकटीला धरून तिथेच उभी राहिली.

पाचवी पुलावरची होती. ती वाचून झाली तशी संघमित्रा थांबली. तिने डोळे पुसले आणि वर पाहिलं. वाटलं, आता मावशी म्हणेल, राहू दे पोरी, चल, जेवण थंड होते.

रुख्माबाई समोर पाहत बसली होती.

"अजून सहा हायेत," ती म्हणाली.